दाण्याचं ताट, काचेचा दरवाजा आणि एक स्पॅरोहॉक

अंगण कुणाचं आणि कुठलं हे सांगणार नाही, घरच्यांनी तेवढी एकच अट घातली होती. गोष्ट आहे एका स्पॅरोहॉकची, म्हणजे पाखरं धरून खाणाऱ्या एका छोट्या शिकारी पक्ष्याची, आणि तीही मादी. बाकी जे झालं ते जसंच्या तसं लिहितोय, त्यात माझी स्वतःची एक घोडचूक पण आहे, ती पण ठेवलीये. मी पक्षी बघतो, बरीच वर्षं बघतोय, पण तज्ज्ञ वगैरे नाही, आणि या प्रकरणात ते चांगलंच दिसून आलं.

पार्श्वभूमी

आधी अंगणाचा नकाशा डोक्यात घ्या, कारण पुढचं सगळं त्या नकाशावरच घडतं. घराच्या मागे लांबट अंगण. घराकडच्या टोकाला मोठा काचेचा सरकता दरवाजा, पलीकडच्या टोकाला एक जुनं झाड. डाव्या हाताला गाडीची शेड. उजव्या हाताला हद्दीवर डोक्याएवढ्या उंचीचं झुडपांचं कुंपण, तेही सलग नाही, मधे एक फट, माणूस आडवा होऊन जाईल एवढी. मधे सगळी मोकळी हिरवळ आणि हिरवळीच्या बरोब्बर मधोमध खांबावर दाण्याचं ताट.

ताट मधोमध कसं आलं याचीही गोष्ट आहे. पूर्वी ते कुंपणाच्या झुडपाला लागून होतं, तिथे मांजराने दोन चिमण्या उचलल्या, म्हणून काकांनी ते उघड्यावर आणलं, मांजराला लपायला काही राहिलं नाही आणि मांजराचा प्रश्न खरंच मिटला. उघड्यावर आणल्यामुळे अजून कुणाची सोय होईल हे तेव्हा कुणाच्या डोक्यात येण्याचं कारणच नव्हतं.

दाणे टाकायचं काम काकूंचं. रोज सकाळी सव्वासात, म्हणजे अगदी घड्याळ लावून घ्यावं असं. पत्र्याच्या डब्याचं झाकण खण्णकन वाजलं की वायरवर रांगेत बसलेल्या चाळीस-पन्नास चिमण्या एकदम खाली. सोबत होल्यांची एक जोडी. तीन वर्षं हे असं चाललं होतं आणि काकू त्यातल्या काही चिमण्यांना ओळखतात असं त्यांचं म्हणणं आहे, मी त्यावर वाद घालत नाही.

काय झालं

थंडी सुरू झाली आणि एका सकाळी काकू चहा घेऊन दरवाज्याशी उभ्या असताना सगळा थवा भुर्रकन उडाला, हिरवळीवरून काहीतरी तपकिरी सर्रकन गेलं आणि ताटावर दोन-तीन पिसं तरंगत राहिली. एवढंच. काकूंना धड दिसलंही नाही. "वरून घार आली आणि नेली," असं त्यांनी काकांना सांगितलं. हे 'वरून' लक्षात ठेवा.

चार दिवसांनी मात्र सगळं डोळ्यांदेखत झालं. यावेळी त्या स्पॅरोहॉक मादीने होला धरला होता. चिमणी हलकी असते, ती पंजात घेऊन लगेच निघून जाता येतं, होला जड, म्हणून तो घेऊन ती तिथेच हिरवळीवर बसली, पंख आणि शेपूट पसरून भक्ष्यावर छत्रीसारखं झाकण घातलं आणि पिसं उपटायला लागली. होला जिवंत होता. ससाणे मानेत चोच मारून काम लवकर संपवतात, स्पॅरोहॉकचं तसं नसतं, त्याची हत्यारं म्हणजे नखं, पंजा आवळत राहायचं, आणि भक्ष्य मोठं असलं की ते मरायच्या आधीच पिसं उपटणं सुरू होतं. बघायला फार वाईट. शेजारच्या ताई आवाज ऐकून आल्या, काकू रडायला लागल्या, शेवटी काका टाळ्या वाजवत बाहेर धावले. ती होला टाकून उडाली. होला तासाभरात गेलाच. आणि त्याच दुपारी तिने दुसरा होला नेला.

हा पहिला डिसिजन पॉईंट, आणि तो पाच सेकंदांत झाला, विचार करायला वेळच नव्हता. मी काकांना दोष देत नाही, मीसुद्धा धावलो असतो. पण हिशेब बघा, धावल्यामुळे एकाऐवजी दोन पक्षी गेले. धरलेला पक्षी सुटला तरी नखं आत गेलेली असतात, तो सहसा वाचत नाही, आणि उपाशी शिकारी पुन्हा शिकार करणारच.

त्या संध्याकाळी मला फोन आला. आता माझी चूक. मी जागा बघितली नव्हती, एकही प्रश्न नीट विचारला नाही आणि फोनवरच ठोकून दिलं, "काका, ताट घराजवळ घ्या, दरवाज्यापासून तीन-चार मीटरवर, माणसांची वर्दळ असली की ती येणार नाही." काका म्हणाले, "तुला कळतं त्यातलं, तसंच करतो." त्यांनी दुसऱ्याच दिवशी तसं केलं.

आठवड्यात दरवाज्याखाली दोन चिमण्या मेलेल्या सापडल्या. अख्ख्या, एक पीस निघालेलं नाही. ती आली की थवा फुटायचा आणि फुटलेल्या थव्यातल्या काही चिमण्या काचेत दिसणाऱ्या झाडाकडे, म्हणजे सरळ काचेवर. काचेच्या बाबतीत तीन-चार मीटर हे अंतर सगळ्यात वाईट अंतरांपैकी आहे, ताट काचेला चिकटून एका मीटरच्या आत असेल तर पाखराला वेगच येत नाही, दहा मीटरच्या पुढे असेल तर काच लक्षात यायला जरा वाव असतो, आणि मी नेमकं मधलं अंतर सांगितलं होतं. त्या आठवड्यात तिने त्या ताटावरून काहीच नेलं नाही. मेल्या त्या दोन्ही माझ्या सल्ल्याने.

आणि आठव्या दिवशी ती स्वतःच आदळली. पाठलाग करताना स्पॅरोहॉकला बाकी जगाचं भान नसतं, काचेवर आपटून मरणाऱ्या शिकारी पक्ष्यांमध्ये त्यांचं नाव नेहमी येतं. खाली पडून पंख सैल, डोळे अर्धे मिटलेले. गंमत म्हणजे तिला उचललं ते शेजारच्या ताईंनी, ज्या चार दिवस "हिला पकडून लांब सोडा" म्हणत होत्या. जाड टॉवेल टाकला, पुठ्ठ्याच्या खोक्यात ठेवलं, खोक्याला भोकं, आत अंधार, पाणी नाही खाणं नाही, कुणी डोकवायचं नाही, आणि पंख तुटल्याची शंका आली तर सरळ पक्ष्यांच्या डॉक्टरकडे. हे मात्र मी बरोबर सांगितलं. तासाभराने आत खडखड सुरू झाली, खोकं झाडाकडे तोंड करून उघडलं, गेली. ताई म्हणाल्या, "किती हलकी आहे हो, हातात काहीच लागत नाही."

ओळख पटवणं

मी प्रत्यक्ष गेलो तो त्या दिवशी संध्याकाळी. शेजारच्या मुलाने खोक्यात ठेवण्याआधी फोनवर फोटो काढले होते. तोपर्यंत घरात तिची तीन नावं झाली होती, घार, ससाणा आणि 'ती बाई'. घार नक्कीच नव्हे, घार मोठी, शेपटीला खाच असते. ससाण्यांचे पंख लांब टोकदार आणि डोळे काळेभोर, उघड्या आभाळात वेगाने उडण्यासाठी बनलेला पक्षी तो. फोटोतल्या पक्ष्याचे पंख आखूड रुंद, शेपूट लांब, टोकाला चौकोनी, डोळे पिवळे, डोळ्यावर पांढरी भुवई, पोटावर आडव्या पट्ट्या, आणि पाय काडीसारखे लांब, मधलं बोट तर उगाचच लांब वाटावं असं. स्पॅरोहॉक. शिक्रा नावाचा शिकारी पक्षीही साधारण असाच दिसतो, पण त्याच्या गळ्यावर मधोमध एक गडद उभी रेघ असते, इथे ती नव्हती. पूर्वी हे दोघं एकाच ॲक्सिपिटर वंशात होते, २०२४ मध्ये शिक्र्याला टॅकीस्पायझा नावाच्या वेगळ्या वंशात हलवलं, पण अंगणातल्या चिमणीला त्याने काय फरक पडतो म्हणा.

तपकिरी रंग आणि आकार यावरून मादी. या जातीत मादी नराच्या जवळजवळ दुप्पट वजनाची असते, नर दीडशे ग्रॅमच्या आसपास, मादी तीनशेच्या. नर चिमणीपासून मैनेएवढ्या पक्ष्यांवर भागवतो, मादी होले आणि कबुतरंसुद्धा धरते. नाव स्पॅरोहॉक असलं तरी त्यांच्या खाण्यात १२० पेक्षा जास्त जातींचे पक्षी नोंदले गेलेत. छातीवरच्या पट्ट्या तुटक आणि वेड्यावाकड्या होत्या, पाठीवरच्या पिसांना तांबूस कडा होत्या, म्हणजे याच वर्षी जन्मलेली. हे महत्त्वाचं होतं. स्पॅरोहॉकची साधारण दोन-तृतीयांश पिल्लं पहिलं वर्ष पार करत नाहीत, बरीचशी उपासमारीने मरतात. ही आमची जी भयंकर शिकारीण होती ती खरं म्हणजे नापास व्हायच्या बेताला आलेली विद्यार्थिनी होती.

शेजारच्या मुलाने मधे एक चांगला प्रश्न विचारला, की पावशा पण असाच दिसतो ना. दिसतो. कोकीळ कुळातले काही पक्षी शिकारी पक्ष्यांसारखे पट्टेरी असतात आणि छोटी पाखरं त्यांना बघूनही घाबरतात. पण पावशाला असे पंजे नसतात, प्रश्न संपला.

काकांची वही

काकांना सगळं वहीत लिहायची सवय, पाऊस, दुधाचा हिशेब, बल्ब कधी बदलला, सगळं. त्यांनी तिच्याही नोंदी ठेवल्या होत्या, पण अशा: "आली. नेली." किंवा "आली. फुकट." बास. मी विनंती केली की ताट परत मधोमध, जुन्या जागी ठेवू, तीन आठवडे काहीच बदलायचं नाही, फक्त वेळ, कुठून आली आणि कुठे गेली एवढं लिहायचं. काकूंना हे पटलं नाही. "म्हणजे मरू द्यायच्या?" असं त्या म्हणाल्या, आणि त्याला माझ्याकडे चांगलं उत्तर नव्हतं. मी एवढंच म्हटलं, की न बघता एक उपाय केला त्यात दोन मेल्या. दोन मतं विरुद्ध एक असं करून ते झालं, पण काकूंची नाराजी खरी होती आणि ती इथे नोंदवली पाहिजे.

तीन आठवड्यांत २३ झडपा दिसल्या, त्यातल्या ३ यशस्वी. घरात सगळ्यांची समजूत होती की 'रोज एक नेते'. नेलेली लक्षात राहते, फुकट गेलेली विसरली जाते. दहात साधारण एक यश हा या पक्ष्याचा नेहमीचाच हिशेब आहे, म्हणजे ही काही विशेष वाईट किंवा विशेष हुशार नव्हती.

दुसरं, दिशा. २३ पैकी वरून आलेली एकही नाही. काका पहिले दोन दिवस आभाळाकडे बघत बसले आणि त्यांना ती दिसायचीच नाही, एकदम ताटावरच प्रकट व्हायची. मग ते खुर्ची घेऊन खाली, गुडघ्याच्या उंचीवर नजर ठेवून बसले आणि सगळं उलगडलं. ती पलीकडच्या गल्लीतून कुंपणाच्या पाठीमागून, जमिनीपासून हातभर उंचीवर, कुंपणाला समांतर यायची, ताटाच्या दिशेला फट आली की अंग तिरकं करून फटीतून आत, आणि तिथून ताट सहा-सात मीटर. चिमण्यांना ती दिसायला लागल्यापासून पोचेपर्यंत सेकंदसुद्धा जात नसेल. आखूड पंख आणि लांब शेपूट याचसाठी असतं, झाडाझुडपांतून वळणं घेत जाता यावं म्हणून, उघड्यावर लांबचा पाठलाग तिला झेपत नाही, पहिल्या काही मीटरमध्ये जमलं तर जमलं नाहीतर ती सोडून देते. शेडच्या बाजूने आलेल्या पाच झडपा पण होत्या, त्या सगळ्या फुकट, कारण तिकडून मोकळं अंतर जास्त होतं.

तिसरं, वेळ. १६ झडपा सव्वासात ते पावणेआठ. काका बसायचेही जास्त त्याच वेळी, त्यामुळे हा आकडा जरा जपूनच घ्या, पण तरीही. एकदा तर झाकणाचा खण्ण आवाज झाला आणि दीड मिनिटात ती आली. काकू हे वाचून गप्प झाल्या. मग म्हणाल्या, "म्हणजे मी तिलाच हाक मारत होते."

आणि चौथी गोष्ट वहीत नव्हती, ती मी बोटांवर मोजली. एका मादीला दिवसाला साधारण ५० ते ७० ग्रॅम खाणं लागतं, म्हणजे दोन-तीन चिमण्या. तीन आठवड्यांचे झाले चाळीस-पन्नास पक्षी. आमच्या ताटावरून दिसल्या त्या तीन. म्हणजे ती पोट भरत होती दुसरीकडे, आमचं ताट तिच्या फेरीवरचा एक थांबा होता. शेडच्या मागे एका ओंडक्यावर तिची पिसं उपटायची जागा सापडली तेव्हा हे पक्कंच झालं, तिथे मैनेची, कबुतराची आणि अशीही पिसं होती जी आमच्या ताटावर कधी न येणाऱ्या पक्ष्यांची होती. पिसांचे देठ शाबूत होते, मांजर असतं तर देठ चावून तोडलेले दिसले असते, आणि त्यामुळे मांजर परत आलंय का ही शंकाही गेली.

काय काय करता आलं असतं

एका संध्याकाळी सगळे बसलो, ताईसुद्धा.

पकडून लांब सोडणं. ताईंचा मूळ आग्रह. बहुतेक देशांत शिकारी पक्ष्यांना कायद्याचं संरक्षण आहे, परवानगीशिवाय पकडणं हा गुन्हा ठरतो, आणि तेवढ्यावरही थांबायला नको, दाण्यावर जमणारा थवा तसाच राहिला तर रिकाम्या जागेत दुसरा येतो. खोकं हातात घेतल्यापासून ताईंचा स्वतःचाच आवाज जरा खाली आला होता, त्यामुळे हे लवकर मिटलं.

हाकलणं, चमकत्या पट्ट्या, प्लास्टिकचं घुबड. पक्षी दोन-चार दिवसांत घुबडाला ओळखतात. होल्याचा अनुभव होताच.

काहीच न करणं. हा पर्याय मी गंभीरपणे मांडला, आणि मला अजूनही तो वाटतो तितका वेडगळ वाटत नाही. ब्रिटनमध्ये हा प्रयोग नकळत होऊन गेलाय. १९५० च्या दशकाच्या शेवटी शेतीतल्या डीडीटी, डिल्ड्रिनसारख्या कीटकनाशकांमुळे स्पॅरोहॉक तिथल्या मोठ्या भागातून नाहीसे झाले, अंड्यांची कवचं पातळ होऊन फुटायची आणि मोठे पक्षीही विषाने मरायचे. पुढे त्या रसायनांवर बंधनं आली आणि ते परतले. ऑक्सफर्डजवळच्या वायथम जंगलात टिट नावाच्या छोट्या पाखरांची मोजणी १९४७ पासून चालू होती, म्हणजे स्पॅरोहॉक असताना, नसताना आणि परत आल्यावर, तिन्ही काळ नोंदलेले. स्पॅरोहॉक परतल्यावर मारले जाणारे टिट पुष्कळ, पण विणीच्या हंगामात जोड्यांची संख्या काही कोसळली नाही. पिल्लं एवढी होतात की त्यातली बहुतेक थंडी, भूक, रोग असल्या कशाने तरी मरणारच असतात. बदल झाला तो वजनात. स्पॅरोहॉक परत आल्यावर टिट अंगावर चरबी कमी ठेवायला लागले, जड पाखरू उडताना मागे पडतं म्हणून.

हे ऐकून काका म्हणाले, "पटतंय रे, पण तुझ्या वायथमच्या टिटना तुझ्या काकूने नावं दिलेली नव्हती." काहीच न करणं तिथेच संपलं.

दाणे पूर्ण बंद करणं. यावर सगळ्यात जास्त वेळ गेला. फायदा असा की थवा पांगतो आणि तिच्या फेरीतून हा थांबा गळतो. तोटा असा की ऐन थंडीत तीन वर्षं सवय लावून अचानक बंद. शेवटी दोन आठवडे बंद असं ठरलं, पण पहिले चार दिवस दाणा रोज अर्धा करत न्यायचा.

जागा आणि वेळ बदलणं. याला कुणाचाच विरोध नव्हता, फक्त कुठे, यावर होता, आणि माझ्या मताला त्या दिवशी घरात फारशी किंमत नव्हती हे योग्यच.

काय केलं

त्या दोन आठवड्यांत काचेचं काम केलं. दरवाज्याला बाहेरून पांढरे ठिपके, दर पाच सेंटिमीटरवर एक. ससाण्याच्या आकाराचं एकच स्टिकर चिकटवून उपयोग नसतो, पाखरू त्याच्या बाजूची मोकळी जागा बघून तिकडून जायला बघतं, आणि आतून लावलं तर काचेतलं प्रतिबिंब तसंच राहतं. काकूंना दरवाजा देवीचे वण आल्यासारखा दिसतो असं वाटलं, अजूनही वाटतं.

कुंपणाच्या फटीत बांबूच्या काठ्या वेड्यावाकड्या रोवल्या, हातभर अंतराने, काही तिरक्या. माणसाला वळून जाता येतं, पण पंख पसरून वेगात घुसता येत नाही. हे शेजारच्या मुलाचं डोकं, माझं नाही.

ताट काढून टाकलं आणि दोन छोटे लटकते फीडर आणले, भोवती जाळी, चिमणी आत जाते, मोठा पक्षी नाही. ते अंगणाच्या दोन कोपऱ्यांत लावले, प्रत्येक एका दाट काटेरी झुडपापासून दोन मीटरवर. झुडूप अगदी जवळ असेल तर मांजर दबा धरतं, लांब असेल तर पाखरं पोचत नाहीत, दोन मीटर हा मधला रस्ता, शिवाय खाली काटेरी फांद्या पसरल्या. दोन फीडर असल्यामुळे पन्नासचा एक थवा न राहता पंधरा-वीसचे दोन झाले. यात एक तोटाही आहे, जेवढे डोळे जास्त तेवढी सूचना लवकर मिळते, पंधरांपेक्षा पन्नास चिमण्यांना ती लवकर दिसेल. पण पन्नास जणी एकाच ताटावर डोकी खाली घालून भांडत असतात तेव्हा त्या डोळ्यांचा फारसा उपयोग होत नाही असं वहीवरून वाटत होतं. हा अंदाज होता, अजूनही अंदाजच आहे.

वेळेचं काम काकूंनी स्वतः घेतलं. रोज वेगळी वेळ, आणि दाणे कापडी पिशवीतून. डबा कपाटात गेला.

फीडर आठवड्यातून एकदा धुवायचे हेही तेव्हाच ठरलं. गर्दीच्या ताटावरून पाखरांमध्ये घशाचा ट्रायकोमोनास रोग पसरतो, आजारी पाखरू खाल्लं तर तो शिकारी पक्ष्यालाही होतो. तीन वर्षं ताट फक्त झटकलं जात होतं, धुतलं कधीच नव्हतं.

निकाल

पुढच्या चार आठवड्यांत ९ झडपा दिसल्या, १ यशस्वी. ती एक शेडच्या बाजूने आली होती, जिथून आधी कधीच जमलं नव्हतं. म्हणजे आम्ही शिकत होतो तशी तीही शिकत होती. काचेखाली एकही पाखरू सापडलं नाही, आणि माझ्या मते या सगळ्या उद्योगातला हा एकच निकाल असा आहे जो मी छातीठोकपणे आमच्या नावावर लावीन.

बाकीचं तसं लावता येत नाही. एक तर आम्ही पाच गोष्टी एकत्र बदलल्या, त्यामुळे काठ्यांनी काम केलं की वेळेने की जाळीने हे कळायला मार्ग नाही. दुसरं, थंडी ओसरत होती आणि पाचव्या आठवड्यापासून ती दिसलीच नाही. आमच्यामुळे गेली, मोसम बदलला म्हणून गेली की कुठे मरून पडली, यातलं काहीही असू शकतं. काकांनी शेडमागचा ओंडका आठवडाभर रोज जाऊन बघितला, नवीन पिसं नव्हती. चिमण्या मोजल्या तर पूर्वीइतक्याच, पंचेचाळीसच्या आसपास, आणि हे काकूंना पटायला वेळ लागला कारण त्यांच्या ओळखीच्या दोन दिसत नव्हत्या.

एक गोष्ट मात्र आम्ही कमावली. चिमण्यांचा नेहमीचा कलकलाट आणि ती आल्यावरचा आवाज यातला फरक काकांना आता कळतो. टिटसारखी पाखरं हवेत शिकारी दिसला की एक बारीक उंच शीळ घालतात, ती कुठून आली हे ओळखणं अवघड असतं आणि स्पॅरोहॉकला ती पाखरांइतक्या लांबून ऐकूही येत नाही. चिमण्यांचं तसं नाही, एकदम सगळं गप्प आणि मग झुडपातून चिडकी चिरचिर. काका म्हणतात की आता ते चहा घेताना आभाळाकडे किंवा कुंपणाकडे बघतच नाहीत, कान देऊन बसतात.

परत करायचं झालं तर

फोनवर सल्ला देणार नाही. द्यावाच लागला तर आधी तीन गोष्टी विचारीन, काच कुठे आहे, ती कुठून येते, आणि दाणे किती वाजता टाकता. तिसरा प्रश्न मला तेव्हा सुचलाच नसता.

काच आधी, ठिपके पहिल्या दिवशी. शिकारी पक्षी नसला तरी काच वर्षभर मारतेच, आणि आधीच्या तीन वर्षांत दरवाज्याखाली मेलेली पाखरं सापडली होती का असं विचारल्यावर काका जरा थांबून म्हणाले, "हो, मधूनमधून. आम्हाला वाटायचं थंडीने."

तीन आठवडे नुसतं बघत बसायचं हे मी आता एक आठवड्यावर आणीन. दिशा पहिल्या पाच-सहा दिवसांतच कळली होती, पुढचं मी आकडे सुंदर दिसावेत म्हणून ताणलं, आणि त्यात एक चिमणी गेली असणार. काकूंचा प्रश्न रास्त होता.

पाचही गोष्टी एकत्र बदलू की एकेक करून बघू यावर माझं मत अजून पक्कं नाही. एकेक केल्या असत्या तर समजलं जास्त असतं, पण समजून घ्यायची किंमत कुणी मोजायची हाही प्रश्न आहे. घरच्यांना उत्तर नको होतं, पाखरं हवी होती.

यंदा थंडी पडल्यावर काकांचा फोन आला. परत एक आलीये, यावेळी छोटा, पाठ राखाडी, छातीवर केशरी पट्ट्या, म्हणजे नर. पत्र्याचा डबा अजून कपाटातच आहे. वहीतली पहिली नोंद त्यांनी वाचून दाखवली: "६.५०. शेडकडून, खालून. आला. फुकट."